भोंग्याचा ‘येतो’

काकू कपडे रफू करायच्या आणि त्यांचे यजमान बस स्थानकावर गाड्या पुकारायचे. आवाज असा, की बाकावर घोरणारा माणूस दचकून उठून रांगेत उभा राहायचा; म्हणून सगळे त्यांना भोंगाच म्हणत. उभा जन्म माइकपुढे गेला, पण घरात त्यांच्या आवाजाचं एक साधं रेकॉर्डिंग नाही. ते गेल्यावर काकूंच्या हे ध्यानात आलं आणि सगळा जीव पुतण्याच्या सिनेमात अडकला.

पुतण्या दिग्दर्शक. म्हणजे असं तोच सांगायचा. यंत्राला जाणीव येते, असल्या कसल्याशा विषयावर त्याने स्वतःच्या हिमतीवर सिनेमा काढला होता. यंत्र कसलं, धुण्याच्या मशीनला चंदेरी रंग फासलेला. आवाज मात्र काकांचा, कपाटात बसवून, अंगावर रजई टाकून घेतलेला. शेवटी यंत्र कायमचं बंद पडतं. तिथे काका कागद न बघता, रोज कामावर निघताना म्हणायचे तसं म्हणून गेले होते, “येतो गं.” काकूंनी ते बाहेरून ऐकलं होतं. तेवढंच पुन्हा ऐकायला त्या आज सिनेमाच्या पहिल्या खेळाला आल्या होत्या.

हॉलभर दिग्दर्शकाचे मित्र, काही न कळता माना डोलावणारे. मशीनने अस्तित्वावर मनसोक्त अकलेचे तारे तोडले. काकू कान देऊन बसल्या. अखेर मशीनवरचा दिवा विझला आणि काकांचा आवाज म्हणाला, “मी जातो.”

बाहेर आल्या आल्या काकूंनी पुतण्याला गाठलं. “येतो म्हणाले होते ते.”

“चुकले होते ना, काकू. यंत्र परत येणारच नाही, मग येतो कसं म्हणेल? लॉजिक बसत नव्हतं. कॉम्प्युटरवर त्यांच्याच आवाजात दुरुस्त करून घेतलं.”

“आणि मूळचं?”

“पुसलं. चुकीचं कशाला ठेवायचं?”

म्हणे जाणिवेवर सिनेमा. डोंबलाची जाणीव! घरातून निघताना माणूस ‘जातो’ म्हणत नाही, हे त्या धुण्याच्या मशीनलासुद्धा एखाद्या दिवशी उमगलं असतं. काकांनी तर शेवटी स्ट्रेचरवरूनही ‘येतो’च म्हटलं होतं, आणि परत येणार नाहीत हे दोघांनाही ठाऊक होतं.

तेवढ्यात मित्रांनी पुतण्याला हाक मारली. तो घाईघाईने वळला.

“बरं काकू, येतो मी.”

काकूंनी त्याच्याकडे नीट पाहून घेतलं.

“जा,” त्या म्हणाल्या.