यांची वेल

कौलदऱ्याच्या अंगणवाडीवर येऊन मला बावीस वर्षं झाली. तान्हामावशीच्या तोंडून तिच्या नवऱ्याचं नाव मी एवढ्या वर्षांत ऐकलं नव्हतं. तिच्या वयाच्या बायका घेतच नाहीत. पण तिची अडचण दुप्पट होती. नवऱ्याचं नाव लुमा, आणि कडजाईच्या कड्यावरच्या एका वेलीचं नावही लुमाच. हे मला पुष्कळ उशिरा कळलं.

मावशीच्या म्हाताऱ्याच्या जन्माच्या वेळी दुष्काळ होता. त्याच्या आईला दूध येईना. तिच्या सासूने या वेलीचा कंद आणून नाचणीच्या पेजेत किसून घातला. दूध आलं, पोर जगलं, म्हणून वेलीचं नाव पोराला ठेवलं. तो कंदाचा गुण की कडजाईची कृपा, मला सांगता यायचं नाही. मी दोन्हीला हात जोडते.

वेल सुतळीएवढी बारीक. कारवीला विळखे घालत वर चढते. फूल बोटभर लांब, बुडाशी फुगीर, मग मान, आणि टोकाला पाच पाकळ्या जुळून कंदिलासारख्या झालेल्या. चिलटं आत शिरतात, पण आतले केस खाली वळलेले असतात, त्यामुळे परत फिरता येत नाही. दुसऱ्या दिवशी केस सुकतात, फूल मान टाकतं आणि चिलटं पराग घेऊन दुसऱ्या फुलाकडे जातात. मावशी म्हणते, "पाव्हण्याला मुक्कामाबिगर सोडतच नाय ती."

पूर्वी सगळ्या कड्यावर लुमा होती म्हणे. कंद कच्चाही खाता येतो, कोवळ्या बटाट्यासारखा पाणीदार लागतो. गुराख्यांनी उकरून उकरून खाल्ला आणि वेल संपली, असं गावाने कधीच धरलं होतं. कड्याच्या एका अरुंद टप्प्यावर सात-आठ वेली उरल्यात हे फक्त मावशीला ठाऊक होतं. दसरा झाल्यावर शेंगा उकलतात आणि बियांच्या म्हाताऱ्या वाऱ्यावर उडतात. त्याआधी ती मातीला हात लावायची नाही. नंतरही एखाद्या बाळंतिणीसाठी कंदाची एक कड कापून घ्यायची आणि उरलेला कोंबासकट परत पुरायची. बाळंतिणीला ते काय आहे हे सांगायची नाही.

मग गावाने देवीला पायऱ्या बांधायचं ठरवलं. आखणी नेमकी त्या टप्प्यावरून गेली. त्याच सुमारास गावातल्या झाडपाल्याची नोंदवही करायला कॉलेजचे एक सर आले, तेव्हा मावशी त्यांना स्वतःहून कड्यावर घेऊन गेली. सर म्हणाले, ही फार दुर्मीळ आहे. गावातलं नाव आणि उपयोग लिहून ग्रामसभेने नोंद मान्य केली, तर पायऱ्या बाजूला घ्या असं सांगता येईल. त्यांनी नाव विचारलं. मावशी म्हणाली, यांची वेल. कुणाची, तर म्हणे यांचीच. सरांनी तसंच लिहून घेतलं. मी त्या दिवशी तालुक्याला मीटिंगला होते.

ग्रामसभा देवळासमोर भरली. सर आलेले नव्हते. ग्रामसेवकाने यादी वाचता वाचता "यांची वेल" वाचलं आणि पोरं फिदीफिदी हसली. कुणाच्या यांची, असं एकाने विचारलंच. मावशीहून दोन-चार वर्षांनी थोरली असलेली सखूआत्या पुढेच बसली होती. ती म्हणाली, "तान्हे, नवऱ्याच्या नावावर डोंगर लिवून घेती का काय?"

मावशी उठून उभी राहिली. फुलाचा कंदील असतो, बाळंतिणीला देतात, असं चाचरत सांगू लागली. सरपंच हैबतराव वाईट माणूस नाही, पण पायऱ्यांचा दगड येऊन पडला होता. तो म्हणाला, कड्यावर फुलं काय थोडी आहेत, आणि या नावाची वेल कुणी ऐकलेली नाही. त्याने ग्रामसेवकाला ओळ खोडायला सांगितली. मलाही काही उमगत नव्हतं.

ग्रामसेवकाने पेन उघडलं. मावशीने पदर डोक्यावर ओढला, देवळाकडे तोंड केलं आणि म्हणाली, "लुमा. ती लुमा हाय."

मागे खांबाला टेकून म्हातारा पेंगत होता. त्याला कमी ऐकू येतं, सभेतलं एक अक्षर त्याच्यापर्यंत पोचलेलं नव्हतं. तो दचकून ताठ बसला.

"ओ! काय गं?"

सगळे हसले, हैबतरावसुद्धा. सखूआत्या मात्र हसली नाही. ती गुडघ्यावर हात टेकून उठली.

"लुमा अजून हाय?" तिने विचारलं. मावशीने मान डोलावली. तशी आत्या ग्रामसेवकाकडे वळली. "खोडू नको रं. माझ्या थोरलीच्या येळी चार डोंगर हिंडले, एक कंद गावला नाय."

मग इतर म्हाताऱ्याही बोलू लागल्या. कुणाच्या आईने कुठे पाहिली, कुणी कशी खाल्ली. ओळ तशीच राहिली, फक्त नाव दुरुस्त झालं. पायऱ्या उजवीकडून वळवायच्या ठरल्या. अकरा पायऱ्या वाढल्या.

घरी जाताना आम्ही तिघं एकाच वाटेने होतो. म्हातारा मागून येत होता. दोनदा खाकरला, मग म्हणाला, "तिथं काय म्हनलीस ते मला नीट आलं नाय ऐकू."

मावशीने मागे वळून पाहिलं नाही. "ओ तर झटक्यात दिलीत," ती म्हणाली.