सासऱ्यांचे तीन चंद्र

पृथ्वीवर राहून पृथ्वीची तारीख न पाळणारा माणूस अख्ख्या मराठवाड्यात एकच आहे, आणि तो नेमका सासरा म्हणून माझ्या वाट्याला आला आहे. उमरीला त्यांच्या ओसरीत दोन कॅलेंडरं टांगलेली असतात. एक बाजारातलं, ज्यावर सासूबाई दुधाचे खाडे लिहितात. दुसरं सासऱ्यांनी स्वतः आखलेलं, जनावरांच्या लसीकरणाच्या जुन्या सरकारी तक्त्यांच्या पाठीवर. हे दुसरं कॅलेंडर आपल्या जगाचं नाही. ज्या जगाचं आहे त्याला त्यांनी नाव ठेवलेलं नाही. ते नुसतं ‘तिकडं’ म्हणतात. तिकडं आकाशात तीन चंद्र आहेत. सासरे पशुसंवर्धन खात्यात होते आणि उमेदीची सगळी वर्षं देवणीला गुरं तपासण्यात गेली, त्यामुळे चंद्रांना त्यांनी देवणी गुरांच्या तीन वाणांची नावं दिली आहेत. बालंक्या सगळा पांढराशुभ्र, वानेऱ्याचं तोंड बाजूनं काळं आणि शेवऱ्याच्या अंगावर काळे ठिपके. निवृत्त झाल्यावर लोक देवळात जाऊन बसतात, नाहीतर पतसंस्थेच्या निवडणुकीला उभे राहतात. आमच्या सासऱ्यांना वाटलं, एका चंद्रावर म्हातारपण निघायचं नाही.

तिकडच्या लोकांची त्यांना फार काळजी. एकदा सासूबाईंची संकष्टी होती, ढगांमुळे चंद्र दिसेना आणि त्या भुकेनं कावल्या होत्या. तेव्हा हे शांतपणे म्हणाले, “तिकडच्या बाया संकष्टी धरीतच न्हाईत. तीन चंद्र उगवस्तोवर माणूस राहतंय का उपाशी?” त्या दिवशी त्यांना स्वतःच्या हातानं वाढून घ्यावं लागलं. तिकडं कुठला ना कुठला चंद्र वर असतोच, अंधार असा पडतच नाही, त्यामुळे चोरांची उपासमार होते. म्हणून त्यांनी वर्षातली एक अमावस्या खास चोरांसाठी राखून ठेवली. “मामा, हे कशाला?” असं मी विचारलं तर म्हणाले, “त्यांनी बी जगावं की. लेकरंबाळं हायेत त्यांना.” हे सगळं कागदावर राहिलं असतं तर कुणाची तक्रार नव्हती. पण धर्माबादला सख्ख्या भाच्याचं लग्न होतं, तो दिवस तिकडच्या हिशोबानं वाईट निघाला, म्हणून हे आहेर घेऊन दुसऱ्या दिवशी हजर झाले. मांडववाला बांबू उपसत होता. त्याच्याच शेजारी बसून त्यांनी उरलेली बुंदी खाल्ली, नवरदेवाला झोपेतून उठवून त्याच्या डोक्यावर अक्षता टाकल्या आणि “तुम्ही लोक लई घाई करून राहिले” असं सुनावून परतीची गाडी धरली.

माझा आणि या कॅलेंडराचा खरा संबंध आला तो धोंड्यामुळे. अधिक महिना लागला की लेक-जावयाला घरी बोलावून पुरणाचे धोंडे खाऊ घालायचे, ही आपली रीत. आपल्याकडे हा महिना सुमारे तीन वर्षांनी एकदा येतो, म्हणून सासरे लोकांना परवडतो. तिकडं मात्र तीन चंद्रांचे तीन महिने, एकाचा दुसऱ्याशी मेळ नाही, आणि तो बसवायला सारखा अधिक महिना घालावा लागतो. आम्ही तेव्हा नांदेडला होतो, उमरी गाडीनं जवळच. दिवाळी होऊन चार दिवस होत नाहीत तोच फोन यायचा, “जावईबापू, तिकडं धोंडा लागला. शेवऱ्याचा हाय, चुकवू नका.” संक्रांतीनंतर बालंक्याचा, होळीच्या आगेमागे वानेऱ्याचा. माझ्याकडे टॉवेल आणि टोप्या इतक्या साठल्या की एखादं छोटं दुकान लागलं असतं. रजेच्या अर्जावर मी एकदा खरं कारण लिहिलं, तर साहेब पंचांग जाणणारे निघाले. म्हणाले, “अहो, अधिक यंदा नाही.” त्यांना काय सांगणार? तिकडं नेमका तेव्हाच लागला होता.

मी हिशोबी माणूस. एका दुपारी बसून मी सासऱ्यांच्या चंद्रांची आकडेमोड तपासली आणि ती कुठेच जुळेना. सासूबाई पुरण वाटत होत्या. मला म्हणाल्या, “कशाला डोस्कं शिणवून राहिले? लेक येऊन लई दिवस झाले की ह्यांचा एक चंद्र मागं पडतो. मग धोंडा. हेच गणित. माझे खांदे गेले पुरण वाटू वाटू.” सासरे खाटेवर बसून ऐकत होते. त्यांनी चष्मा पुसला आणि विषय बदलला.

मग माझी बदली झाली, ती थेट कोकणात. हे त्यांना सांगायचं कुणी, यावर आमच्या घरात बरीच ढकलाढकली झाली. शेवटी ताटावर मीच सांगितलं. त्यांनी नुसतं “बरं” म्हटलं आणि मला आणखी एक धोंडा वाढला. पुढं आम्ही गेलो, घर लावलं, पण फोन काही येईना. म्हणजे ख्यालीखुशालीचा यायचा, धोंड्याचा येत नव्हता. इतकी वर्षं त्या फोनला वैतागलेला मी, आता तो येत नाही म्हणून बेचैन झालो.

दिवाळीला गेलो तर ओसरीतलं कॅलेंडर नवं होतं आणि त्यावर एकटा बालंक्या. हिनं वडलांना विचारलं, “दादा, बाकीचे दोघं कुठं गेले?”

“तुमच्याकडं धाडले,” सासरे म्हणाले. “तुमच्याकडं समुद्र हाय. भरतीला चंद्र लागतेत. इथं ठिवून काय करू? एका चंद्राला धोंडा बी कमी येतो. तुम्हाला बी एवढ्या लांबून हेलपाटा नको.”

ही तिथून उठून आत गेली. मला खरंच वाईट वाटलं. लेक-जावयाची ओढाताण होऊ नये म्हणून स्वतःच्या आकाशातले दोन चंद्र काढून टाकणारा माणूस मी दुसरा पाहिलेला नाही. मी म्हणालो, “मग मामा, ते चंद्र आता आमचे. आमच्याकडं धोंडा लागला की सासऱ्यानं जावयाकडं यायचं.”

“लेकीच्या घरी जाऊन राहायची आपल्यात रीत न्हाई.”

“इकडं नाही. तिकडं असेल की.”

त्यांनी कॅलेंडर खाली काढून मांडीवर घेतलं. मग म्हणाले, “बघतो बसवून.”

कितीतरी महिने ते बसवत होते. सासूबाई फोनवर सांगायच्या, “कागद पसरून बसतेत. जमंना म्हणतेत.” त्यांच्या घराण्यात लेकीच्या घरी मुक्काम कुणी केला नव्हता, आणि ते गणित तीन चंद्रांच्या गणिताहून अवघड होतं. मी आशा सोडली होती. आणि परवा त्यांचा फोन आला.

“जावईबापू, बसलं. वानेऱ्याच्या धोंड्याला येतो. गाडीत खालची जागा बघा, हिचे गुडघे दुखतेत.”

मी तिकिटाच्या काळजीनं विचारलं, “पण मामा, इकडची तारीख कोणती?”

“ती मला इचारू नका. वानेरा तुमच्याकडं हाय. लेकीला कवा करमंना झालं, तवा धोंडा.”

मी फोन हिच्या हातात दिला आणि ते काय म्हणाले ते सांगितलं. ती फोन घेऊन खिडकीशी जाऊन उभी राहिली. मग म्हणाली, “दादा, इथं आल्यापासून लागलेलाच आहे.”