राहूकाळाच्या गाठी

तंजावरात रोजचा राहूकाळ वाया जातो. त्या दीड तासात कोणी नवं काम हाती घेत नाही. मुलगी बघायला आलेली माणसं कोपऱ्यावर गाडी थांबवून आतच बसून राहतात, नवा कुकर खोक्यातून बाहेर निघत नाही. सगळ्यांनी टाकून दिलेला हा वेळ वसुमती गोळा करायची.

मेल वीथीमागच्या आमच्या गल्लीत याचं कोणाला फारसं नवल नव्हतं. कोणाला लोणचं जमतं, वसुमतीला हे जमायचं. घरी असताना राहूकाळ लागला की ती मागच्या दारी विहिरीजवळ रिकाम्या हातांनी बसे आणि संपता संपता पदराला एक गाठ मारून उठे. गाठ सोडली की तो वेळ हाताशी येई. तिची आई ओरत्तनाडूची. तिने हे शिकवताना एकच ताकीद दिली होती: हा वेळ सुरू झालेलं काम पुरं करायला वापरायचा. त्यात नवं काही सुरू होत नाही.

वसुमतीने ते पाळलं. ती शाळेत गणित शिकवायची. तपासायच्या पेपरांचा ढीग संपेना की एखादी गाठ सुटे. शेजारच्या राजमची पापनाशमची बस सुटायला आलेली असे आणि बॅग अर्धी भरलेली.

"अक्का, एक गाठ सोड गं!" राजम कुंपणावरून ओरडे.

"सकाळपासून काय करत होतीस?"

"तुझ्या भरवशावर झोपले होते! लोकांनी फेकलेला वेळ, त्यातही तुझा कंजूषपणा."

वसुमती हसत गाठ सोडी. जुने पदर फाटले की त्यांच्या गाठी कापून ती तांदळाच्या डब्यामागे जपून ठेवी.

मग तिच्या नवऱ्याचं, सेतुमाधवांचं, हृदय थकलं. डॉक्टरांनी त्यांना घरी न्यायला सांगितलं. मुलगी अखिला डॅलसहून निघाली. ती विमानात असतानाच, दुपारी, दाराकडे तोंड करून आरामखुर्चीत बसलेल्या सेतुमाधवांचे ओठ काळेनिळे पडले.

"अखिला कुठवर आली?" त्यांनी विचारलं आणि मान कलली.

वसुमतीने गाठ सोडली. आईची ताकीद तिला आठवत होती. पण तिने आपल्यापुरता हिशेब केला, की जगणं तर केव्हाच सुरू झालेलं आहे. ते पुरं करायलाच वेळ हवाय.

सेतुमाधवांची मान वर आली. "अखिला कुठवर आली?" ते म्हणाले.

"येतेय. थोडं पाणी घेता का?"

"अखिला कुठवर आली?"

त्यांना पाणी पिणं सुरू करता आलं नाही. भूक लागली नाही, झोप लागली नाही. जिभेवर असलेलं तेवढं वाक्य पुनःपुन्हा पुरं होत राहिलं. एक गाठ संपायला आली की वसुमती दुसरी सोडत होती. घरात दुधाला विरजण लागेना. गॅसच्या लायटरची ठिणगी उडायची, ज्योत धरायची नाही. राजम डबा घेऊन आली, ओसरीवरच थबकली, आतलं वाक्य दोनदा ऐकलं आणि डबा खाली ठेवून निघून गेली.

अखिला आली. बॅग दारात टाकून ती खुर्चीपुढे गुडघ्यांवर बसली.

"अप्पा, आले मी. बघा ना."

ते तिच्याआरपार दाराकडे बघत होते. "अखिला कुठवर आली?"

पहिल्या दिवशी ती रडली. नंतर उत्तरं द्यायला लागली. "त्रिचीला उतरली, अप्पा." "बस स्टँडवर आली." "गल्लीत वळली." "दारात चप्पल काढतेय." प्रत्येक उत्तराला तोच प्रश्न यायचा, त्याच आवाजात, शेवटी तसाच चढलेला. मग ती पुन्हा त्रिचीपासून सुरुवात करायची. हे बोलणं स्वयंपाकघरात ऐकत वसुमती थंडगार शेगडीपुढे बसून राहायची. एका दुपारी ती बाहेर आली.

"अखिला, आता मी सोडणार नाही गाठ."

"अम्मा, तुला वेड लागलंय का? डब्यामागे ढीग आहे अजून."

"तू त्यांना दिसायची असशील तर दिसणं सुरू व्हायला हवं. या वेळात ते होणार नाही."

"आणि चांगल्या वेळात?"

"चांगल्या वेळात मरणही सुरू होईल."

"आधी काय होईल?"

"ते मला काय ठाऊक!"

अखिला खुर्चीचा हात धरून बसली. "राहू देत ना असेच. निदान आवाज तरी येतोय."

"मला तो आवाज सोसत नाही आता. इतकी वर्षं काही ना काही विचारायचे. रसमला मीठ का नाही, पंखा कोणी चालू ठेवला. कटकट व्हायची मला. आता एवढं एकच विचारतात, आणि ते मला विचारत नाहीत."

अखिला सरकून बरोबर त्यांच्या नजरेपुढे आली. वसुमती तिच्या शेजारी जमिनीवर बसली आणि पदर गोळा करून मांडीखाली दाबला.

"अखिला कुठवर आली?" सेतुमाधव म्हणाले. पुन्हा म्हणाले. तिसऱ्यांदा ओठ हलले, पण वाक्य बाहेर आलं नाही. छाती एकदम वर उचलली गेली. डोळे दारावरून सुटले, भरकटले आणि अखिलाच्या चेहऱ्यावर येऊन थांबले. कपाळाला आठी पडली.

"केस का गं कापलेस?"

पुढचा श्वास अर्धाच आला. अखिलाचा हात आईच्या मांडीखालच्या पदराकडे झेपावला. वसुमतीने तिचं मनगट धरून ठेवलं.

"त्यांनी विचारलंय," ती म्हणाली. "उत्तर दे."

"अप्पा, तिकडे... तिकडे रोज धुवायला वेळ नसतो," अखिला म्हणाली. "सकाळी सातला निघावं लागतं. थंडीत वाळत पण नाहीत. वाढवते पुन्हा. एवढे वाढवते, अप्पा, कमरेपर्यंत..."

ती बोलत राहिली. ते कुठवर ऐकत होते, हे दोघींनाही कळलं नाही.