ढवळ्याला आवतण

आमचे हे गेले, परवा तेरावं झालं. घरात माणसं भरलेली आणि सगळे यांचेच किस्से सांगून हसत होते. मग सुनबाई म्हणाली, आई, बैलाचं तुम्हीच लिहा. लिहिते. बोलते तसंच.

यांचं नाव भास्कर. खेडजवळचं गाव, घरात शर्यतीचे बैल. साठ साली जर्मनीत बॉबलिंगेनजवळ मोटारींच्या कारखान्यात लागले, मागून मी आले. काम काय तर दिवसभर गाडीला दरवाजे बसवायचे. वैतागायचे. म्हणायचे, "सुधा, दरवाजा मेला बघतसुद्धा नाही गं माझ्याकडे."

तिथे अमेरिकन सैनिकांची छावणी होती. रविवारी त्यांचा रोडिओ असायचा. म्हणजे उधळत्या बैलावर बसायचं, एका हाताने दोर धरायचा, दुसरा हात वर, आणि आठ सेकंद टिकायचं. अर्धे मार्क माणसाला, अर्धे बैलाला. बैल जितका उसळेल तितके जास्त. हे पहिल्यांदा बसले ते दुसऱ्याच उडीला चिखलात. उठले ते हसतच. मग घरी सराव सुरू. गादीची वळकटी करून हे त्यावर बसायचे आणि मी खालून हलवायची.

"अगं जोरात! बैल आहेस का म्हैस?"

"म्हशीने भाकरी केलीय, उतरा आणि जेवा!"

दोन वर्षांत असे तयार झाले की रोडिओचे मालक वॉकरसाहेब म्हणाले, या रविवारी टिकलास तर पगारावर घेतो. गावोगाव आमच्याबरोबर फिरायचं. नाही टिकलास तर सोमवारी आहेतच तुझे दरवाजे. चिठ्ठीत यांना पांढरा बैल आला, सगळ्यात तापट. ते लोक त्याला सार्जंट म्हणायचे, हे ढवळ्या.

आणि शनिवारी नेमका पोळा. हे म्हणाले, "ज्याच्या पाठीवर बसायचं, त्याला सणाला उपाशी ठेवू?" शुक्रवारी गेले, गजांतून हात घालून ढवळ्याचे खांदे हळद-लोण्याने मळले आणि कानात म्हणाले, "आज आवतण घ्या, उद्या जेवायला या." शनिवारी मी पुरणपोळ्या केल्या. हरभऱ्याची डाळ कुठली मिळायला, पिवळ्या वाटाण्याचं पुरण. ढवळ्याने सगळ्या खाल्ल्या आणि यांचा हात चाटत बसला.

रविवारी फाटक उघडलं. ढवळ्या दोन पावलं आला आणि थांबला. मान वळवून यांचा खिसा हुंगायला लागला! लोक हसून हसून लोळले. मी पदरात तोंड लपवलं. हे वरून मराठीत ओरडतायत, "अरे बाबा, एक तरी उडी मार! नोकरी जाईल माझी!"

वॉकरसाहेब धावत आले. "माझ्या बैलाला केलंस तरी काय?"

"काही नाही साहेब, जेवायला घातलं."

त्यांचा नियम असा, बैल उसळलाच नाही तर दुसरा बैल द्यायचा. काळा आणला. हे आधी त्याच्या कपाळाला हात लावून म्हणाले, "तुझं पान वाढायचं राहिलंय, ते उतरल्यावर." आणि बसले. काळा असा उसळला की मी डोळेच मिटले. घंटा वाजली तेव्हा उघडले, तर हे वरच! टोपी कुठल्या कुठे.

संध्याकाळी रोडिओतले लोक जेवायला बोलावत होते. हे म्हणाले, आधी मला पोळ्या करून दे. काळ्याला खाऊ घातलं, मगच स्वतः जेवले.

सोमवारी कारखान्यातल्या माइस्टरला, म्हणजे मुकादमाला, सांगितलं, काम सोडतो, बैलावर बसायला जातो. तो म्हणाला, "जा, जा," आणि हसत बसला. त्याला थट्टा वाटली. पुढे एकोणसत्तरपर्यंत हे जर्मनीभर फिरले. दोनदा खांदा निखळला तेव्हा बसणं थांबवलं आणि त्याच बैलांची निगा राखायला राहिले. पोळा कधी चुकवला नाही, फक्त पोळी उतरल्यावर द्यायची एवढं मात्र शिकले.

यंदा वर्षभर सण करायचा नाही म्हणतात. पण बैलाला कसलं सुतक? पलीकडच्या शेतावर एक पांढरा आहे. काल जाऊन त्याच्या कानात आवतण सांगून आले. आज पोळा, डाळ भिजत घातलीय.