मेकअपमध्ये लिहिणारा नट

मुलीच्या साखरपुड्यात व्याह्यांशी धाकट्या भावाची ओळख करून देताना मी म्हणालो, "सुधीर सध्या काही करत नाही." सुधीर मालिकांत छोटी कामं करतो आणि एकांकिका लिहितो. तो शेजारीच उभा होता. नुसता हसला.

परवा त्यानेच मला फिल्म क्लबात नेलं. एका म्हाताऱ्या पोर्तुगीज नटावरचा माहितीपट होता. हा नट लेखकही. चित्रीकरणात तो प्रेत होऊन निपचित पडायचा, शॉट संपला की उठून, चेहऱ्यावरचा पांढरा रंग तसाच ठेवून, कोपऱ्यात लिहायला बसायचा. हाक आली की पुन्हा जाऊन मरायचा.

"दादा, हासुद्धा सध्या काही करत नाही," सुधीर कुजबुजला.

मला हसू आलं. आयुष्यभर त्या माणसाच्या दोन्ही कामांनी एकमेकांना सांभाळून घेतलं असावं. इतका निवांत चेहरा मी माझ्या ऑफिसात कुणाचा पाहिलेला नाही, माझा तर नाहीच.

बाहेर पडल्यावर मी सुधीरचा हात धरला आणि म्हणालो, "त्या दिवशी मला तुझी लाज वाटली होती, म्हणून तसं बोललो. माझं चुकलं रे."