चरित्रातली अकरा वर्षं

वाचनालयात देवघेवीच्या टेबलाशी तीस वर्षं बसलेल्या बाईंना सगळे शेरेबाई म्हणत, आणि बाईंना ते आवडे. नवं आलेलं प्रत्येक पुस्तक त्या आधी स्वतः वाचत आणि शेवटच्या पानावर पेन्सिलीनं शेरा लिहीत. सभासद लेखकाचं नाव नंतर बघत, आधी शेवटचं पान उघडत.

बाईंची मतं पक्की होती. कीटकांवरचं पुस्तक आलं की त्या पहिल्यांदा वाळवीचं पान शोधत, कारण वाळवीशी त्यांचं जन्माचं वैर. तिथे लेखक चुकला, की त्याच्या मधमाश्यांवरही विश्वास नाही. नाटक त्या मोठ्यानं वाचत, सगळ्यांचे आवाज काढून. वाचताना धाप लागली तर लेखकानं माणसं बोलताना ऐकलेलीच नाहीत, असा निकाल. चरित्रांच्या बाबतीत तर कुणाची भीडभाड नाही. एका कारखानदाराच्या जाडजूड चरित्रावर त्यांचा शेरा होता, 'साडेचारशे पानांत हा माणूस एकदाही चुकत नाही. पुढच्यांनी वेळ घालवू नये.'

त्यांचा धाकटा भाऊ शाळेत मास्तर होता. तो गेल्यावर दोन वर्षांनी भावजयीनं त्याचं चरित्र लिहिलं आणि छापायला देण्याआधी कागदांचा गठ्ठा बाईंकडे आणून दिला. आपलं म्हणावं असं बाईंना आता हेच एक माणूस उरलं होतं. तिला दुखवायचं म्हणजे पुढचे सगळे रविवार एकटीनं काढायचे. पण भीड भिकेची बहीण, हे बाईंचं ब्रीद. पुढच्या रविवारी भावजय आली तेव्हा चहा व्हायच्या आत त्यांनी गठ्ठा तिच्यापुढे सरकवला.

"अगं, हा माझा भाऊच नव्हे. हा कुणी साधुपुरुष दिसतोय. चिडत नाही, रुसत नाही! आईच्या आजारपणापर्यंत अकरा वर्षं माझ्याशी बोलला नाही तो. ती अकरा वर्षं कुठे गेली?"

"लिहिली होती, वन्सं. काढून टाकली."

"का म्हणून?"

"त्यात चूक तुमची दिसत होती."

बाई हसल्या. "दिसू दे की! बघू. आणली असशीलच."

भावजयीनं पिशवीतून चार पानं काढून दिली. भावानं तीन अंकी नाटक लिहिलं होतं, शाळेच्या हॉलमध्ये सगळ्या नटमंडळींपुढे वाचून दाखवलं होतं, आणि वाचन संपल्यावर सगळे बाईंकडे बघत असताना बाई म्हणाल्या होत्या, "पहिला अंक बरा आहे. बाकीचे दोन जाळ." हॉलभर हशा पिकला होता. हे बाईंना चांगलं आठवत होतं, किंबहुना हा किस्सा त्या रंगवून सांगत. भावाला टीका सोसत नाही, असं तात्पर्यही सोबत असे. पण घरी येऊन त्यानं त्याच संध्याकाळी ते दोन अंक खरोखरच चुलीत घातले, हे त्यांना आज कळत होतं. पुढे दर सुट्टीत तो दुसरा अंक लिहायला बसे आणि कोरा कागद घेऊन उठे. शेवटच्या पानावर भावजयीनं लिहिलं होतं, 'ताईनं खोटं बोलायला हवं होतं, असं हे कधीच म्हणाले नाहीत. तिचं बरोबरच होतं म्हणत. फक्त तिनं घरी सांगायला हवं होतं, एवढंच म्हणत.'

बाईंनी ते पान दोनदा वाचलं. चारचौघांत वाहवा मिळावी म्हणून आपण भावाचा पाणउतारा केला, याची त्यांना मनापासून लाज वाटली, आणि ती सांगायला आता भाऊ नव्हता. पदरानं डोळे पुसून त्यांनी चारही पानं गठ्ठ्यात जिथली तिथे घातली.

"यातला एक शब्दही बदलू नकोस."

"अहो, लोक तुम्हाला नावं ठेवतील."

"ठेवू देत. बहीण वाईट वागली म्हणतील आणि चरित्र चांगलं लिहिलंय म्हणतील. दोन्ही खरं आहे."