अप्पांच्या दुपारसाठी लिनक्स निवडताना

"चालतंय न्हवं? मग हात लावू नको."

शाळेत असताना मी घरातला रेडिओ उघडून बसले होते, तेव्हा अप्पा हे म्हणाले होते. अप्पा म्हणजे माझे वडील, कुर्डुवाडीच्या रेल्वे वर्कशॉपमधून रिटायर झालेले. आई गेल्यापासून ते इथं सोलापुरात माझ्याकडेच असतात.

त्यांची दुपार जावी म्हणून माझा जुना लॅपटॉप काढला. पण विंडोज सुरू होईपर्यंत चहा गार व्हायचा. मग ठरवलं, विंडोजच्या जागी फुकट मिळणारं लिनक्स टाकू... पण कुठलं? त्यात इतके प्रकार की डोकं फिरतं.

बरं, लिनक्स पेनड्राइव्हवरून नुसतं चालवून बघता येतं, लॅपटॉपमधल्या कशालाही धक्का न लावता. फक्त बंद केलं की त्यात केलेलं सगळं पुसलं जातं. हे अप्पांना आधीच सांगितलं होतं.

पहिलं दिसायला देखणं, पण पंखा घरघरायला लागला. दुसरं हलकं, पण अक्षरं बारीक आणि मेनू काही अप्पांना सापडेना. तिसरं मिंट, त्यातला एक्सएफसीई नावाचा हलका प्रकार... मेनू खाली डावीकडे, सवयीच्या जागी. अप्पा खूश.

काम झालं की ते चालू लॅपटॉपमधून पेनड्राइव्ह सरळ उपसायचे आणि स्कूटरच्या किल्लीशेजारी खिळ्याला अडकवायचे. "अहो अप्पा, आधी शटडाउन करा!" तर म्हणे, "किल्ली काढली की गाडी बंदच हुती की!"

परवा ऑफिसमधून लवकर आले. अप्पा स्क्रीनला नाक लावून माउसनं चित्र काढत होते. वेड्यावाकड्या रेषा, डोक्यावर पदर, कपाळावर मोठं कुंकू... आई.

मी दारातच थांबले. अप्पांनी आयुष्यात कधी चित्र काढलेलं मला आठवत नाही.

"नाक काय जमंना बघ तिचं," मला बघून ते म्हणाले. "लई धारदार हुतं."

"अप्पा, आता हेच लॅपटॉपमध्ये कायमचं बसवून देते. मग चित्रं पुसली जाणार नाहीत."

"नको गं. पुसतंय म्हणून तर हात चालतोय. ऱ्हाणार असतं तर मी कशाला काढतोय?" मग पेनड्राइव्हकडे हात नेत, "चालतंय न्हवं? मग हात लावू नको."

आणि पेनड्राइव्ह उपसला.

इतके दिवस मी लॅपटॉपला काय झेपेल तेच बघत होते...

आज दुपारी पुन्हा विचारणार आहे. उत्तर मला ठाऊक आहे, तरी विचारणार... अप्पा, एकच चित्र ठेवून घेऊ द्या ना मला. नाक जमलं नसलं तरी चालेल.